दाताला लागेल इतपत

माझे काका दात बनवायचे. काका म्हणजे माझ्या मावशीचे यजमान आणि दात म्हणजे कवळ्या. वरच्या, खालच्या, कधी नुसताच एखादा दात, दोन्ही बाजूंच्या दातांना तारेनं धरून बसणारा. दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाई पेशंटच्या तोंडाचा ठसा घ्यायच्या आणि डब्यात घालून काकांकडे पाठवायच्या. काका त्यावरून प्लास्टरचा जबडा ओतायचे, त्यावर मेण चढवायचे, मेणात एकेक दात रोवायचे आणि शेवटी मेणाच्या जागी गुलाबी अ‍ॅक्रिलिक भरायचे. हे सगळं घरातल्या पुढच्या खोलीत चालायचं. इतर लोक ज्या खोलीत पाहुण्यांना बसवतात, तिथे काकांच्या फळ्यांवर पांढरे जबडे ओळीनं बसलेले असत. पाहुणे मागच्या खोलीत बसत, आणि फार वेळ बसत नसत.

काका फारसे बोलायचे नाहीत. समोरचा बोलत असला की ते त्याच्या डोळ्यांकडे न बघता तोंडाकडे बघायचे. त्यामुळे लोकांचा समज व्हायचा की हा माणूस किती मन लावून ऐकतो. काका बिचारे वरचे दात खालच्या दातांवर नीट बसतात की नाही एवढंच बघत असायचे. माझ्या मावशीचाही असाच समज झाला होता. ती तेव्हा हॉस्पिटलच्या लाँड्रीत नुकतीच लागली होती. तिनं काकांना आपल्या मुकादमाबद्दलच्या सगळ्या तक्रारी एका बैठकीत सांगितल्या आणि घरी येऊन जाहीर केलं की इतकं शांतपणे ऐकून घेणारा पुरुष पुन्हा मिळायचा नाही. तिच्या शेवटच्या दाढेत कीड लागली होती, ते काकांनी तिला लग्न ठरल्यावर सांगितलं.

आजीला हे लग्न पसंत नव्हतं. आजीच्या लेखी माणसांचे प्रकार दोनच, इंजिनिअर आणि बाकीचे. त्याला कारण होतं. लग्नाआधी आजी एका इटालियन कुटुंबाकडे घरकामाला होती. त्या घरातला कर्ता पुरुष पूल बांधायला आलेला इंजिनिअर होता. तो रोज सकाळी इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून नदीवर जायचा आणि संध्याकाळी त्याच पांढऱ्या शर्टात परत यायचा. दिवसभर चिखलात राहून शर्टावर एक डाग नाही, हे आजीच्या मनात पक्कं बसलं. पुढे तिला आजोबा मिळाले ते पोस्टातले, आणि शाईचे डाग घेऊनच घरी येणारे. राहिलेली हौस मुलींच्या वेळी भागवायची असं तिनं ठरवलं. थोरलीच्या वेळी ते जमलं, म्हणजे माझे बाबा मिळाले. धाकटीनं मात्र सांगितलं, मुलगा कवळ्या बनवतो. आजी चिडली नाही. तिनं फक्त विचारलं, "कुणाच्या?"

पुढे कुणाला ओळख करून द्यायची वेळ आली की आजी म्हणायची, "हे आमचे थोरले जावई, इंजिनिअर आहेत. आणि हे पण." हे पण म्हणजे हे पण जावई. काका मान लववून नमस्कार करायचे आणि समोरच्याच्या तोंडाकडे बघायचे.

अशी बरीच वर्षं गेली. मग आजीचे उरलेसुरले दात हलायला लागले, हिरड्या सुजल्या, आणि डॉक्टरीणबाईंनी सांगितलं की आता सगळेच काढावे लागतील. त्यांनी ते काढले. जखमा भरेपर्यंत आजीला एकटं ठेवून चालणार नव्हतं. आमच्या घरी रंगकाम चाललं होतं. ते त्याच आठवड्यात काढलेलं होतं, पण तो विषय कुणी काढला नाही. आजी मावशीकडे गेली.

मावशी भल्या सकाळी लाँड्रीत जायची ती दुपार उतरल्यावर परत यायची. म्हणजे दिवसभर घरात दोघंच. पुढच्या खोलीत जावई, मागच्या खोलीत सासू, मध्ये स्वयंपाकघर. आजी खिडकीपाशी खुर्ची टाकून बसायची. आल्या आल्या तिनं चमच्यांचा खण बदलला, पडदा बदलायला लावला, आणि पॉलिशच्या यंत्राच्या आवाजानं आपल्या डोक्यात मुंग्या येतात असं मावशीमार्फत काकांना कळवलं. काकांनी यंत्राखाली जाड रबर घातलं. आवाज कमी झाला. मग आजीनं कळवलं की आता घरात कुणी आहे की नाही तेच समजत नाही.

दुपारचं जेवण काका द्यायचे. दुधात भिजवलेला पाव, कुस्करलेला बटाटा, शिजवून गाळलेला भोपळा. आजी ते खायची आणि ताटली बाजूला सारताना दरवेळी म्हणायची, "पोटात गेलं." यापलीकडे तिनं कधी काही म्हटलं नाही. मावशीनं विचारलं की आई जेवली का, तर काकाही तेवढंच सांगायचे, पोटात गेलं.

हिरड्या भरल्यावर डॉक्टरीणबाईंनी ठसा घेतला आणि पाठवला काकांकडेच. दुसरीकडे पाठवायचा प्रश्नच नव्हता, त्यांची सगळी कामं काकाच करायचे. काकांनी त्या कवळीवर जितका वेळ घालवला तितका आधी कुठल्याच कवळीवर घालवला नव्हता. मावशीकडे आजीचा तरुणपणीचा एक फोटो होता, इटालियन कुटुंबाच्या अंगणात काढलेला. त्यात आजी हसताना दिसत होती. हा प्रसंग दुर्मीळ असल्यामुळे काकांनी फोटो भिंग लावून पाहिला. समोरचा एक दात जरासा तिरका होता. काकांनी नव्या कवळीतही तो तसाच तिरका बसवला. अगदी सरळ, एकसारखे दात लावले की म्हातारं माणूस उसनं तोंड घालून आल्यासारखं दिसतं, असं त्यांचं मत होतं.

आजीनं कवळी हातात घेतली, उजेडात धरली आणि म्हणाली, "हा वाकडा बसलाय."

काका म्हणाले, "हो."

खुलासा करावा हे त्यांना सुचलं नाही. आजीनं कवळी घातली, एकदा तोंड मिटलं आणि लगेच काढली. टोचतं म्हणाली. काकांनी विचारलं कुठे, तर म्हणाली सगळीकडे. असं कधी होत नसतं. कवळी टोचते ती एखाद्या ठिकाणी, आणि ते ठिकाण कळलं की घासून काढता येतं. पण ते सांगायचं कवळी घालणाऱ्यानं. आजी सांगेना. डॉक्टरीणबाईंकडे चला म्हटलं तर म्हणाली, त्या बाईकडे आता माझं काय उरलंय, होतं ते सगळं तिनं काढून ठेवलं. कवळी पाण्याच्या पेल्यात खिडकीत जाऊन बसली. मावशीनं आईपुढे दातांच्या कण्या केल्या, उपयोग झाला नाही. काकांनी पेल्यातलं पाणी तेवढं रोज बदललं.

आजी वाळायला लागली. पाव-बटाट्यावर माणूस किती दिवस काढणार? मावशी धास्तावली. तिनं काकांना सांगितलं, काहीतरी करा, तिला चवीचं काहीतरी द्या. काकांना पाव कापता येत होता आणि बटाटा उकडता येत होता. चवीचं म्हणजे काय, हे त्यांनी आजीलाच जाऊन विचारलं.

आजी खिडकीबाहेर बघत म्हणाली, "पास्ताफाजोल."

काकांना ते औषधाचं नाव वाटलं. ते म्हणाले, दुकानात विचारून येतो. तेव्हा आजीनं सांगितलं की ते सूप असतं, घेवड्याचं आणि पास्त्याचं. त्या इटालियन घरात थंडीच्या दिवसांत दर आठवड्याला व्हायचं. इंजिनिअरची सासू करायची, आणि आजी शेजारी उभी राहून कांदा चिरून द्यायची. चमचा उभा राहील इतकं दाट असायचं. पण ते तुम्हाला जमणार नाही, असंही तिनं सांगितलं.

काका बरं म्हणाले आणि जाऊन दात घासायला बसले. म्हणजे दुसऱ्या कुणाचे. अर्ध्या तासानं दारात सावली पडली म्हणून त्यांनी वर पाहिलं. आजी उभी होती. ती त्या खोलीत पूर्वी कधी आली नव्हती. फळीवरच्या जबड्यांकडे न बघता ती म्हणाली, "आधी कांदा, गाजर, सेलरी. बारीक. तेलात परतायचं, लाल करायचं नाही."

अशी सुरुवात झाली.

पहिल्या वेळी काकांनी ठिपक्यांचा घेवडा आणला, धुतला आणि थेट पातेल्यात टाकला. दुपारी चढवलेला घेवडा मावशी घरी आली तरी कडकच होता. आजीनं चमचाभर रस चाखला आणि सांगितलं की घेवडा आदल्या रात्री भिजत घालायचा असतो. दुसऱ्या वेळी त्यांनी तो भिजवला, पण टोमॅटो सुरुवातीलाच घातले. पुन्हा घेवडा शिजेना. सूप समोर आल्यावर आजी म्हणाली की टोमॅटो मागाहून घालतात, आंबट लागलं की घेवडा अडून बसतो. तिसऱ्या वेळी घेवडा लोण्यासारखा शिजला, टोमॅटो वेळेवर पडले, लसूण आणि रोझमेरीचा वासही घरभर सुटला. आजीनं वाडग्यात चमचा फिरवला आणि म्हणाली, पाणी वेगळं आणि दाणे वेगळे. यातला थोडा घेवडा काढून घोटायचा आणि परत घालायचा, त्याशिवाय दाटपणा कुठून येणार?

आजीला ते सूप तुकड्यातुकड्यानं आठवायचं, आणि प्रत्येक तुकडा सूप तयार झाल्यावर आठवायचा. दुसरा कुणी असता तर त्यानं पातेलं आपटलं असतं. मावशीनं मला सांगितलं की तिसऱ्या वेळी तिनंच आपटलं. कारण फसलेलं सूप आजी खात नव्हती, काका आणि मावशीच रोज संपवत होते. पण काकांना यात वावगं काही वाटलं नाही. त्यांच्या धंद्यात पहिल्या खेपेला काहीच बसत नसे. मेणाची कवळी डॉक्टरीणबाईंकडे जाऊन दोनदा-तीनदा परत यायची, आणि जे चुकलंय ते प्रत्येक वेळी नंतरच कळायचं. त्यांना सवय होती. फक्त कांदा चिरायला त्यांनी मेण कापायची सुरी घेतली, तेव्हा मावशीनं ती हातातून काढून घेतली.

चौथ्या खेपेला आजीला चीज आठवलं. चीज नव्हे, चीजची साल. ते कडक इटालियन चीज संपलं की त्याची सुकलेली कडा त्या घरात जपून ठेवायचे आणि सूप उकळताना आत टाकायचे. काका कोपऱ्यावरच्या दुकानात गेले आणि त्यांनी चीजच्या साली मागितल्या. दुकानदारानं विचारलं, उंदीर किती मोठे आहेत?

काका म्हणाले, "सासूबाईंसाठी हव्यात."

दुकानदारानं पुढे काही न विचारता साली कागदात बांधून दिल्या.

त्या दिवशीचं सूप चांगलं झालं. मावशीनं सांगितलं की पातेल्याचं झाकण काढलं तेव्हा आजी खुर्चीतून आपणहून उठून आली. काकांनी त्यात पास्त्याच्या छोट्या नळ्या घातल्या होत्या आणि त्या अगदी मऊ होईपर्यंत शिजवल्या होत्या. आजीच्या तोंडात दात नव्हते, तेव्हा मऊच करायला हव्यात असा त्यांचा साधा विचार. आजीनं पहिला घास घेतला. दुसरा घेतला. मग चमचा खाली ठेवला.

"पास्त्याचा लगदा झालाय," ती म्हणाली. "त्या घरात असा पास्ता कुणी पानात वाढला नसता. सासू स्वतः उभी राहून एक नळी काढायची, चावून बघायची आणि मगच आच बंद करायची. दाताला लागेल इतपतच शिजवायचा असतो."

काकांनी विचार केला आणि विचारलं, "कोणत्या दाताला?"

मी काकांना ओळखते. त्यांनी ते खरंच विचारलं होतं. समोरच्या दातानं माणूस तोडतो, दाढेनं चावतो, दोन्हींना लागणारा कडकपणा वेगळा. कामाची माहिती म्हणून त्यांनी विचारलं. पण ज्या बाईच्या तोंडात एकही दात नाही आणि जिचे नवे दात आठवडे झाले तरी खिडकीत पाण्यात पडलेत, तिला हे विचारल्यावर तिनं काय समजायचं? आजी उठली, खोलीत गेली आणि दार लावून घेतलं.

मावशी घरी आली तेव्हा आजीनं दाराआडूनच सांगितलं, "तुझ्या नवऱ्यानं माझी चेष्टा केली. थोरल्याला फोन कर, मला तिकडे घेऊन जा म्हणावं."

मावशीनं काकांना जाब विचारला. काकांनी घडलं ते जसंच्या तसं सांगितलं. मावशी म्हणाली, असं कुणी विचारतं का? काका म्हणाले, मी विचारतो, माझं कामच आहे. मावशी न्हाणीघरात गेली आणि नळ सोडून तोंडावर पदर धरून हसली. मग चेहरा धुऊन बाहेर आली आणि आमच्याकडे फोन केला.

रविवारी आम्ही गेलो. आई, बाबा आणि मी. आजीची पिशवी भरून दाराशी ठेवलेली होती. बाबांच्या चेहऱ्यावरून मला कळलं की रंगकाम अजून संपलेलं नाही असं काहीतरी ते वाटेत ठरवत आलेत. काकांनी आमच्यासाठी सूप केलं होतं. आमच्यासाठी म्हणजे माणसं जेवायला येणार म्हणून, त्यात दुसरा काही डाव नव्हता. शेगडीवर दोन पातेली होती. एकात मऊ पास्ता, आजीसाठी. दुसऱ्यात आमच्यासाठी, कमी शिजवलेला. काका त्या पातेल्यापाशी उभे राहून एकेक नळी काढून चावून बघत होते. आधी समोरच्या दातानं, मग दाढेनं. मावशीनं सांगितलं की बराच वेळ झाला, असंच चाललंय.

आम्ही टेबलाभोवती बसलो. आजी शेवटी आली आणि कुणाकडे न बघता बसली. काकांनी तिला तिच्या पातेल्यातलं वाढलं, आम्हाला आमच्या. तिनं दोन्ही पातेल्यांकडे पाहिलं. सूप खरोखर दाट होतं. आईनं दुसऱ्याच चमच्याला डोळे मिटले. बाबांनी मात्र एक नळी चावली, थांबले, आणखी एक चावली.

माझ्या बाबांबद्दल इथे सांगायला हवं. ते फार चांगले इंजिनिअर होते. जेवणाबद्दल त्यांचं ज्ञान इतकंच की मऊ म्हणजे शिजलेलं आणि मऊ नाही म्हणजे कच्चं. ते अगदी समजुतीच्या सुरात काकांना म्हणाले, "पास्ता जरा कच्चा राहिलाय. होतं असं."

काका म्हणाले, "असेल."

आजीनं चमचा ठेवला. "कच्चा कसा असेल?"

"आई, चावावा लागतोय," बाबा म्हणाले.

"चावावाच लागतो तो."

"तुम्हाला कसं कळणार? तुमचा मऊ आहे."

बाबांचा काही वाईट हेतू नव्हता. पण आजी बाबांकडे बघत होती. मला वाटतं, जन्मात पहिल्यांदाच ती एखाद्या इंजिनिअरचं बोलणं तपासून बघत होती. मग ती उठली, खिडकीपाशी गेली, आमच्याकडे पाठ केली. पेल्यातलं पाणी हललं. ती परत आली तेव्हा तिचा चेहरा वेगळा दिसत होता, गाल भरलेले, हनुवटी जागेवर आलेली. माझ्या आईच्या घशातून बारीकसा आवाज निघाला आणि मावशीनं टेबलाखालून तिचा पाय दाबला. आजीनं माझा वाडगा आपल्यापुढे ओढला, चमचाभर घेतलं आणि चावलं. आम्ही सगळ्यांनी आपापल्या वाडग्यात बघायला सुरुवात केली. माझ्याकडे वाडगा नव्हता म्हणून मी मिठाच्या डबीकडे बघितलं.

आजीनं पुष्कळ वेळ चावलं. घास गिळल्यावर ती बाबांना म्हणाली, "कच्चा नाही. असाच लागतो हा."

बाबा म्हणाले, असेल बुवा.

मग ती काकांकडे न बघता म्हणाली, "खाली डावीकडे टोचतंय."

काका जागेवरून उठले. इतक्या आठवड्यांत त्यांना हवं होतं ते एवढंच वाक्य. त्यांनी विचारलं, मागे की मध्ये? आजीनं गालावर बाहेरून बोट ठेवून दाखवलं, इथे. काकांनी दोन्ही हात धुतले, आजीनं काढून दिलेली खालची कवळी फडक्यात घेतली आणि पुढच्या खोलीत गेले. यंत्राचा आवाज आला, रबरामुळे दबका. ते परत आले, कवळी पाण्याखाली धुऊन त्यांनी आजीपुढे ठेवली. तिनं ती घातली. चावून पाहिलं. म्हणाली, आता तिथे नाही, पण उजवीकडे. काका पुन्हा गेले.

असं तीनदा झालं. नियमाप्रमाणे हे काम डॉक्टरीणबाईंचं. काकांना तोंडात हात घालायचा अधिकार नव्हता, आणि त्यांनी तो घातलाही नाही. आजी बाहेरून बोट दाखवायची आणि ते तेवढं घासून आणायचे. दुसऱ्या दिवशी त्यांनी दवाखान्यात फोन करून झालेलं सगळं सांगितलं. बाई म्हणाल्या, त्यांना घेऊन या, मी बघते. आजी गेली. आता दाखवायला तिच्याकडे काहीतरी होतं.

पण त्या रविवारी काकांचं सूप तसंच राहिलं. ते शेवटी टेबलाशी बसले तेव्हा त्यांच्या वाडग्यातल्या नळ्यांनी सगळा रस पिऊन टाकला होता आणि चमचा खरोखर उभा राहत होता. आजीनं ते पाहिलं. तिनं आपल्या मऊ पास्त्याचं पातेलं पुढे ओढलं, त्यातला नुसता रस डावानं काढला आणि त्यांच्या वाडग्यात ओतला. "पातळ करून घ्या," म्हणाली. पूर्वी तिनं काकांना कधी काही वाढलेलं मी पाहिलं नव्हतं. काकांनी वाडगा दोन्ही हातांनी धरला होता, तो तसाच धरून ठेवला.

पिशवी दाराशीच होती. निघताना बाबांनी ती उचलली, तेव्हा आजी म्हणाली की ती आत ठेवा, वाटेत पाय अडकतो. बाबांनी ती आत ठेवली आणि रंगाचा वास अजून जात नाही असं सांगितलं. ते ऐकायला कुणी थांबलं नाही.

आजी त्यानंतर थंडी संपेपर्यंत तिथेच राहिली. दुपारच्या वेळी ती पुढच्या खोलीत खुर्ची टाकून बसायला लागली होती. काका काम करायचे, ती इटालियन घरातल्या गोष्टी सांगायची, आणि काका तिच्या तोंडाकडे बघायचे. कवळी बोलताना उचलते का, ते त्यांना पाहायचं असायचं. तिला वाटायचं, जावई मन लावून ऐकतो. मावशीनं मला विचारलं होतं की तिला खरं सांगावं का. मी म्हटलं, कशाला.

मग ती आपल्या घरी परत गेली, आणि काका दर आठवड्याला तिच्याकडे सूप घेऊन जायला लागले. बसनं जायचे. पातेल्याचं झाकण फडक्यानं बांधलेलं, पातेलं मांडीवर, आणि पास्ता कोटाच्या खिशात, कोरडा. शिजवून नेला असता तर तिथे पोचेपर्यंत त्याचा लगदा झाला असता. आजीच्या शेगडीवर सूप पुन्हा उकळायचे, नळ्या सोडायचे, आणि आजी काठी टेकत येऊन त्यातली एक काढून चावायची. तिनं हो म्हटलं की काका आच बंद करायचे. एकदा बसमध्ये ब्रेक लागला आणि अर्धं सूप पुढच्या माणसाच्या बुटांवर गेलं. त्या दिवशी दोघांनी उरलेलं अर्धं खाल्लं. सूप चांगलं झालंय असं आजीनं त्यांना कधी सांगितलं का, हे मी विचारलं होतं. काका म्हणाले, नाही, पण तिनं कधी उरवलंही नाही.

आजी गेली त्याच्या आदल्या आठवड्यातही काका तिच्याकडे पातेलं घेऊन गेले होते. तेव्हा तिला चावायची ताकद नव्हती. काकांनी पास्ता खिशातून काढलाच नाही, नुसता रस चमच्यानं दिला. तिनं विचारलं, पास्ता कुठेय? काका म्हणाले, विसरलो. तिनं त्यांच्या कोटाच्या फुगलेल्या खिशाकडे पाहिलं आणि बरं म्हणाली.

त्यानंतर पुष्कळ दिवस ते सूप झालं नाही. दोघांसाठी एवढा घाट कोण घालणार, असं मावशी म्हणाली. मागच्या थंडीत मी त्यांच्याकडे राहायला गेले होते, तेव्हा मी हट्ट धरला. काकांनी आदल्या रात्री घेवडा भिजत घातला, दुसऱ्या दिवशी सकाळपासून पातेल्यापाशी उभे राहिले, साली टाकल्या, थोडा घेवडा घोटून परत घातला, आणि शेवटी नळ्या एकेक करून चावून पाहिल्या. आम्ही तिघं जेवायला बसलो. जेवताना माझ्या लक्षात आलं की इतक्या वर्षांत काकांना हे कुणी विचारलेलंच नाही. म्हणून मी विचारलं, "काका, तुम्हाला हे सूप आवडतं का हो?"

काकांनी घास संपवला, नीट विचार केला.

"मला घेवडा फारसा आवडत नाही," ते म्हणाले.

मावशीनं चमचा हातात धरून त्यांच्याकडे पाहिलं. काकांनी पातेल्यात वाकून बघितलं, तळाशी डावभर उरलं होतं, ते आपल्या वाडग्यात घेतलं आणि पातेलं धुवायला उठले.